देव गल्लीत असताना

ता. ९ नोव्हेंबर २०१६
तुरुंगातून

ति. मित्सुएताईस,
कुनिहिकोचा शि. सा. न. वि. वि.

तुझं पत्र पोचलं. लोकरीचे मोजे मात्र आत सोडले नाहीत. बाहेर जपून ठेवलेत, सुटताना मिळतील म्हणे. तेव्हा उकाडा असेल, पण तू विणलेत म्हणजे घालावेच लागतील.

मुद्द्याचं आधी लिहितो. मुदतीआधी सुटकेसाठी कुणीतरी बाहेरून हमी द्यावी लागते, त्या कागदावर या वेळी तू सही करू नकोस. मी तिसऱ्यांदा आत आलोय. आधी दोन्ही वेळा तू सही केलीस आणि दोन्ही वेळा गावात तुलाच खाली बघावं लागलं. देवळांच्या दानपेट्यांत चिकट लावलेली काठी घालणाऱ्या भावासाठी माणसाने किती वेळा सही करावी? मला पश्चात्ताप झालाय असं मागच्या पत्रात लिहिलं होतं. पत्रं तपासणाऱ्या साहेबांना ते आवडलं. आता पुन्हा लिहीत नाही, त्यांना सवय लागेल.

इथे यंदा मोठं काम आलंय. देवाची पालखी. आमच्या कारखान्यात पालख्या बनतात हे तुला ठाऊक आहेच. मी काळ्या रोगणावर आहे. आधी कोळशाने घासायचं आणि मग शिंगाची भुकटी तेलात कालवून नुसत्या तळहाताने, चेहरा दिसेपर्यंत. माझ्या हातावरच्या रेषा केव्हाच गेल्या. ज्योतिषी आला तर हात हलवत परत जाईल.

पालखी कुणाची ते लिहिलं तर साहेब त्यावर काळं फासतील. एवढंच सांगतो, की छपरावर बसवायची पितळी चिन्हं परवा आली आणि बाबा होडीतून ज्या तिघी बहिणींना शिव्या घालायचे त्याच त्या होत्या. कामात मान वळवणं हा इथे गुन्हा आहे. तरी मी वळवली.

प्रकृतीला जप. राग आला असेल तर तो माझ्यावर असाच राहू दे.

तुझा,
कुनिहिको


ता. ४ डिसेंबर २०१६
हामागासे

चि. कुनिहिकोस,
अ. उ. आ., आणि पुढे वाचशील तितक्या शिव्या.

सही कुणी करायची हे आता चोर ठरवायला लागले का? सही करून झाली. तुझं पत्र यायच्या आधीच झाली होती आणि पत्र आल्यावर ती पुसायला मी काही गेले नाही.

तिघी बहिणी कोण ते लगेच ओळखलं. बंदराच्या तोंडाशी एकामागून एक येणाऱ्या त्या तीन लाटा, ज्या आपल्या देवळाच्या चिन्हावर आहेत. आपली जुनी पालखी किड्यांनी आणि खाऱ्या वाऱ्याने खाल्ली. नवी करायची ठरली तेव्हा गल्लीच्या मंडळाचे प्रमुख सेगावा-सान सभेत म्हणाले, की चांगल्या कारागिरांकडून आणि पुष्कळ स्वस्तात काम होतंय. कुठल्या कारागिरांकडून, ते त्यांनी चहाच्या कपात तोंड घालून पुटपुटत सांगितलं. सगळ्यांना कळलं आणि कुणी विचारलं नाही. म्हणजे आपल्या देवाची पालखी तू करतोयस. साहेबांना यावर काळं फासायचं असेल तर खुशाल फासू दे, शाई त्यांचीच जाईल.

ओनोगीबाई येऊन गेल्या. सुटलेल्यांवर सरकारतर्फे लक्ष ठेवतात त्या. घर बघितलं, वरची खोली बघितली, मग शेजाऱ्यांकडे विचारपूस करायला गेल्या. दुसऱ्याच दिवशी सेगावा-सान मिठाईचा डबा घेऊन माझ्या दारात. फारच गोड बोलले. तुझ्याविरुद्ध एक शब्द नाही. एकट्या बाईने सुकटीचं दुकान सांभाळायचं, माकूल मासळी वाळवायची, त्यात हा ताप कशाला, तुमच्याच प्रकृतीची आम्हाला काळजी वाटते, असं सगळं. मी त्यांच्यासमोर दोन लाडू खाल्ले आणि सांगितलं, की मिठाई झकास आहे, पुढच्या वेळी कुनिहिको घरी असेल तेव्हा मोठा डबा आणा.

खोकला झाला असेल तर लपवू नकोस. माझं प्रेम आहे तिथेच आहे, त्याला कुणाची परवानगी लागत नाही.

तुझी ताई,
मित्सुए


ता. २३ एप्रिल २०१७
शहरातून

ति. ताईस,
शि. सा. न. वि. वि.

सुटलो, पण घरी नाही. तुझी सही चालली, गल्लीचा होकार मिळाला नाही. ओनोगीबाईंनी विचारलं तेव्हा बहुतेकांनी म्हणे “अडचणीचं होईल” एवढंच सांगितलं. म्हणून मला सुटलेल्यांच्या वसतिगृहात ठेवलंय. रात्री हजेरी असते. शिक्षेची मुदत डिसेंबरात संपते. तोवर मी अर्धा सरकारचा.

जुनी घरं पाडणाऱ्या एका मुकादमाने कामावर घेतलंय. पहिल्या दिवशी हातातला हातोडा खाली पडला आणि मी तो उचलायच्या आधी हात वर करून उभा राहिलो. आत तशीच रीत आहे, विचारल्याशिवाय वाकायचंसुद्धा नाही. सगळे बघत राहिले. मुकादम म्हणाला, की संडासला जायचं असेल तर जा बाबा. सगळे हसले, मीही हसलो. दारांचंही तसंच. दारासमोर जाऊन थांबतो, कुणीतरी उघडेल म्हणून. परवा दुकानासमोर असा उभा होतो तर मागच्या बाईला वाटलं मी अदबीने तिला वाट देतोय. तिने वाकून आभार मानले. इतका मान मला आयुष्यात मिळाला नव्हता.

तू लिहिलंस, मी सेगावा-सानना भेटून माफी मागितली तर गल्ली विरघळेल. ताई, मी कुणाच्या पाया पडायला येणार नाही. चोरी केली, पकडला गेलो, शिक्षा भोगली. कोर्टाने दिलेली बरीचशी आत भोगली, उरलेली इथे हजेरी देऊन भोगतोय. त्यांना आणखी हवी असेल तर तोंडावर सांगावं, लाडवांच्या डब्यात घालून पाठवू नये. मी इथेच राहीन. शहरात मला कुणी ओळखत नाही हे मला पुरतं.

मोजे मिळाले. घालून झोपतो. पाय उकडतात, पण काढत नाही.

माया असू दे,
कुनिहिको


ता. २ जुलै २०१७
हामागासे

चि. कुनिहिकोस,
अ. उ. आ.

पालखी आली. ट्रकवर ताडपत्रीखाली होती. उतरवली तेव्हा मी माकूल तशीच दोरीवर टाकून धावले. देवळाच्या कोठीत अंधार होता तरी तुझं रोगण चमकत होतं. कुणी बघत नाही असं बघून मी त्यावर हात फिरवला. त्यात माझा चेहरा दिसला. किती म्हातारी झालेय मी! तुला भेटीला आले तेव्हा काचेपलीकडून तू हे एकदाही सांगितलं नाहीस.

आता सभेचं. उत्सवाला पालखी उचलायला खांदे कमी पडतायत. तरुण सगळे शहरात, उरलेल्यांचे गुडघे गेले. सेगावा-सान म्हणाले, की कॉलेजची मुलं बसने आणू. मी उठून म्हटलं, माझ्या भावाचे खांदे धडधाकट आहेत. सेगावा-सान वहीत डोकं घालून बसले. मग मी म्हटलं, “पालखी तुरुंगातली चालते, खांदा तुरुंगातला चालत नाही, हे मला कुणीतरी समजावून सांगा.” सगळ्यांना एकदम चहाची तहान लागली. तोकुमात्सु आजोबाही बसले होते. उचलणाऱ्यांचे मुखिया तेच, आणि देवळाच्या पेटीपाशी तुझी मानगूट पकडणारेही तेच. ते नुसते माझ्याकडे बघत होते, मासा ताजा आहे का बघावं तसे.

तू पाया पडणार नाहीस म्हणतोस. नको पडूस. ती गोष्ट मी लिहिली ती माझी चूक, मीही कुणाच्या पडले नसते. पण पाया पडायचं नाही म्हणून गावच टाकायचं, हे तर त्यांच्याच मनासारखं झालं. सेगावा-सान डबा घेऊन आले होते ते नेमकं एवढ्याचसाठी. तू शहरात मजेत राहिलास तर इथे कुणाला काय, उलट बरंच. ऑगस्टच्या पहिल्या रविवारी पालखी आपल्या गल्लीतून जाते. तू ये. बाकी मला काही म्हणायचं नाही.

पत्राची वाट बघतेय. कंजूषपणा न करता लिही.

तुझी ताई,
मित्सुए


ता. २० जुलै २०१७
शहरातून

ति. ताईस,
शि. सा. न. वि. वि.

येतो. तुझ्या हट्टासाठी नाही आणि गल्लीसाठी तर नाहीच. ते रोगण मी कधी उन्हात बघितलेलं नाही. कारखान्यात नळीचे दिवे असतात, त्यांच्या उजेडात सगळं रोगण प्रेतासारखं दिसतं. आमचा शिकवणारा मिस्त्री म्हणायचा, की काळं रोगण खरं कसं झालंय ते उन्हातच कळतं आणि आम्हाला ते कधी कळणार नाही. मला कळून घ्यायचंय.

पण माझ्या अटी ऐक. पहाटेच्या बसने उजाडायच्या आत येईन, मागच्या दाराने. वरच्या खोलीत बसेन आणि खिडकीची फळी लावलेली राहील. संध्याकाळच्या गाडीने परत, कारण हजेरी आहे. कुणाला सांगायचं नाही, ओनोगीबाईंना सांगून मी परवानगी घेतलीय तेवढं पुरे. मी घाबरलोय असं समजू नकोस. मला त्यांची तोंडं बघायची नाहीत, एवढंच.

भात जास्त लाव. इथे मोजून वाढतात.

तुझा,
कुनिहिको


ता. ८ ऑगस्ट २०१७
शहरातून

ति. ताईस,
शि. सा. न. वि. वि.

तुझ्या दारातल्या प्लास्टिकच्या चपला माझ्या पायात आल्या, त्या वेगळ्या पाठवतो. हजेरीला वेळेत पोचलो.

न बोलता निघालो म्हणून तू रागावली असशील. मला जे आठवतं ते लिहितो, कारण ते डोक्यात घोळवत ठेवलं तर मी पुन्हा काहीतरी वेडंवाकडं करीन.

मी ठरल्याप्रमाणे वर बसलो होतो. गल्लीच्या टोकाकडून ओरडा ऐकू यायला लागला तेव्हा फळी बोटभर सरकवली. आधी पालखीच्या छपरावरचा सोनेरी पक्षी दिसला, मग उन्हाचा एक पट्टा त्या काळ्यावरून सरकत आला. ताई, ते काळं नव्हतंच. आत कुठेतरी तांबूस होतं, खोल विहिरीच्या तळाशी दिवा ठेवल्यासारखं. माझ्या हाताखालून गेलेली ती वस्तू मला माहीतच नव्हती. मी फळी कधी पूर्ण उघडली ते कळलंसुद्धा नाही. अर्धा बाहेर वाकलो होतो.

तेवढ्यात पालखी थांबली आणि तोकुमात्सु आजोबांचा तो आवाज. “वर कोण आहे? देवाच्या डोक्यावरून बघतोस? उतर खाली!” मग सगळी गल्लीच ओरडायला लागली, उतर, उतर.

आणि मी काय केलं? मी “होय!” म्हणून ओरडलो, आत ओरडतो तसा. धावत जिना उतरलो, दारातल्या चपला पायात अडकवून रस्त्यात जाऊन उभा राहिलो, हात मांडीला चिकटवून, नजर जमिनीवर. पुढे लोक काय बोलले ते मी ऐकलं नाही. कुणीतरी दांडा माझ्या खांद्यावर ठेवला, मग वजन आलं. गल्लीच्या टोकाला खाली उतरवल्यावर मी थेट स्टेशनवर चालत गेलो.

मला शरम कशाची वाटते ते सांगतो. चोरीची नाही, ती केव्हाच फिटली. कुणी उतर म्हणून ओरडावं आणि मी कुत्र्यासारखं धावत यावं, याची वाटते. मी ताठ मानेने लपलो होतो, तेवढंही त्यांनी ठेवलं नाही. आता पुन्हा येणार नाही, हे नक्की समज.

तुझ्या भाताबद्दल आभार,
कुनिहिको


ता. १५ ऑगस्ट २०१७
हामागासे

चि. कुनिहिकोस,
अ. उ. आ. आज शिव्यांचा साठा मोठा आहे, बसून वाच.

आज बाबांच्या थडग्यावर पाणी घालून आले. तुझ्या वाटणीचंही घातलं आणि तू किती मूर्ख आहेस तेही त्यांच्या कानावर घातलं.

अरे गाढवा, पालखी जात असताना माडीवरून बघायचं नाही, हे तू लहानपणापासून ऐकत आलास ना? देवाच्या डोक्यावर कुणी नसावं, म्हणून तेवढा वेळ सगळी गल्ली खाली येते. तुरुंगात एवढी वर्षं काढून तू हेसुद्धा विसरलास आणि मी म्हातारी तुला वरच बसवून मोकळी झाले. आपल्या दोघांची ही चूक. तोकुमात्सु आजोबा दर वर्षी कुणाला तरी असे ओरडतात. गेल्या वर्षी सेगावा-सानच्या सुनेला ओरडले, ती ओल्या केसांनी उतरली होती. वर तू आहेस हे त्यांना ठाऊकच नव्हतं. उन्हात डोळ्यांवर हात धरून ओरडले ते. ते कैद्याला ओरडले नाहीत, माडीवरच्या माणसाला ओरडले. कित्येक वर्षांनी या गल्लीने तुला इतरांसारखं वागवलं आणि तुला ते ओळखता आलं नाही.

आता तू जमिनीकडे बघत होतास तेव्हा काय झालं ते ऐक. तू दारातून बाहेर आलास आणि सगळ्यांनी तुला ओळखलं. खांद्यावर पालखी घेऊन ती माणसं तशीच उभी, कॉलेजच्या मुलांचे पाय थरथरत होते. सेगावा-सान माझ्याजवळ आले आणि हळूच म्हणाले, की याला पटकन वर पाठवा, वाटल्यास मागच्या खोलीत, म्हणजे पुढे जाता येईल. तोकुमात्सु आजोबांनी ते ऐकलं. म्हणाले, “देव गल्लीत असताना कुणी वर जात नाही.” सेगावा-सान म्हणाले, मग आता कसं? तेव्हा माझ्याने राहवलं नाही. मी सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हटलं, “खाली तुम्हीच बोलावलंत. तो आलाय. आता कुठे उभा राहील तेही तुम्हीच सांगा.”

आजोबांनी तुझ्याकडे बघितलं, मग पालखीकडे. पुढच्या दांड्याखाली चष्मेवाला एक मुलगा होता, त्याच्या खांद्याची साल निघाली होती. त्याला म्हणाले, “सरक.” एवढंच. भाषण नाही, काही नाही. तो सरकला आणि तू त्या जागेत गेलास. मी तुझ्या मागे चालत होते. तुझ्या पुढे लोहार होता, मागे टपालवाला, कुणी अंग चोरलं नाही. एकदोघांनी तोंड फिरवलं, तेही लिहिते, खोटं कशाला. शिंपीणबाई दार लावून आत गेली.

संध्याकाळी तू कुठे दिसेनास तेव्हा तोकुमात्सु आजोबा दारात आले. मला वाटलं आता काहीतरी चांगलं बोलतील. म्हणाले, त्याचा पाय चुकतो, डावा आधी टाकतो, सगळा तोल जातो; पुढच्या वर्षी आधीपासून सरावाला यायला सांगा. आणि गेले.

चारच दिवसांनी सेगावा-सान आले. हो, डबा घेऊनच. झालं ते प्रसंगाने झालं, मंडळाची हरकत तशीच आहे, असं म्हणाले. मी म्हटलं, असू दे हरकत, तिलाही गल्लीत राहायचा हक्क आहे. डिसेंबरात मुदत संपली की कुणाच्या होकाराचा कागद लागत नाही. आणि लाडू आता पुरे, माझी साखर वाढलीय.

तुझी अट एक मी मोडतेय. वरची खोली यापुढे तुला मिळायची नाही. तिथे मी या कोपऱ्यापासून त्या कोपऱ्यापर्यंत माकूल वाळत घातलीय आणि असा वास सुटलाय की मांजरंसुद्धा शिंकतात. तुझं अंथरूण खालच्या पुढच्या खोलीत, रस्त्याच्या बाजूला. तिथली काच पारदर्शक आहे, पडदा मी लावणार नाही.

तू नक्की येणार नाहीस हे वाचलं. वाचलं, पण मानलं नाही.

तुझी ताई,
मित्सुए


ता. २६ नोव्हेंबर २०१७
शहरातून

ति. ताईस,
शि. सा. न. वि. वि.

इतके दिवस लिहिलं नाही, कारण रागावलो होतो. तुझ्यावर नाही, त्या डाव्या पायावर. आजोबांचं बरोबर आहे. आत आम्हाला डावा आधी टाकायलाच शिकवतात.

मुकादमाला सांगितलं, की डिसेंबरनंतर येणार नाही. त्याने विचारलं गावी काम काय करणार, तर म्हटलं माकूल वाळवीन आणि पालखीखाली चालायला शिकेन. तो म्हणाला, पहिलं तरी पोटापुरतं आहे.

मुदत संपते त्याच्या दुसऱ्या दिवशी निघतो. पहाटेच्या बसने नाही, दुपारच्या गाडीने. तू स्टेशनवर येऊ नकोस. मंडळाच्या कचेरीवरून, शिंपीणबाईच्या दारावरून, बाजारातून चालत येणार आहे, आणि जो भेटेल त्याला आधी मी नमस्कार करणार आहे. त्याने परत केला तर ठीक, नाही केला तर तो त्याचा प्रश्न. पोचायला उशीर झाला तर घाबरून पोलीसचौकीकडे धावू नकोस. कुणीतरी थांबवून बोलत असेल.

तुझा,
कुनिहिको